सात नंबरचं वळण

सन १९६९. त्या वर्षी बसकंपनीने सगळं वेळापत्रक नव्याने आखायला घेतलं आणि ते काम दुसऱ्या मजल्यावरच्या आरेखन खोलीत एकट्या ताईच्या गळ्यात पडलं. सगळा डेपो तिला ताईच म्हणे, कारण तिचा धाकटा भाऊ सात नंबरच्या गाडीवर कंडक्टर होता आणि जिन्यातूनच "ताई!" अशी हाक मारत वर यायचा.

काम डोळे फोडणारं. खळ दिलेल्या पातळ कापडावर आडवे तास, उभे थांबे आणि प्रत्येक गाडीची एक तिरपी रेघ. जुना तक्ता खाली, नवं कापड वर, आणि मान मोडेपर्यंत उतरवत बसायचं.

सात नंबरच्या रेघेवर, गिरणी आणि पूल या दोन थांब्यांच्या मधे, दुपारी तीन चाळीसला एक खूण होती. टोकावर उभा केलेला चौकोन, एक बाजू उघडी, आत टिंब. कोपऱ्यातल्या खुणांच्या यादीत ती नव्हतीच. ताईला असल्या गबाळेपणाची भयंकर चीड. जुना आरेखक निवृत्त होऊनही रोज कॅन्टीनमध्ये येऊन बसायचा, त्याला तिने गाठलं.

"आजोबा, हे काय काढून ठेवलंय?"

"वळण आहे."

"तिथला रस्ता पट्टीसारखा सरळ आहे."

"रस्त्याचं कोण म्हणतंय? वेळ वळते तिथे. खूण असली की गाडीला वाट कळते. माझ्या आधीच्याने उतरवली, मी उतरवली, तुम्हीही उतरवा."

"मला भूमिती शिकवलीय, भुताटकी नाही," ताई म्हणाली आणि नव्या तक्त्यात तिने ती खूण घेतली नाही.

रविवारी तिने जुना तक्ता घरी नेऊन उकळत्या पाण्यात टाकला. खळ आणि शाई निघून गेली की ते कापड मलमलीसारखं मऊ व्हायचं. आरेखन खोलीतल्या सगळ्यांच्या घरी उशांचे अभ्रे त्याचेच होते.

सोमवारी नवा तक्ता लागू झाला. तीन चाळीसच्या सुमारास सात नंबर अकरा प्रवासी घेऊन गिरणीवरून सुटली. पुलावर आलीच नाही.

मधे जेमतेम एक मैल. ना गल्ली, ना फाटा. निरीक्षक सायकलवरून दोनदा जाऊन आला.

"बस म्हणजे काय छत्री आहे, कुठेतरी विसरून यायला?" साहेब फोनवर ओरडत होते.

धाकटा त्या गाडीत होता.

ताई धावत खाली आली, तेव्हा म्हातारा आरेखक कॅन्टीनच्या दारात उभाच होता. "नाही ना उतरवलीत? जा, आत्ता काढा. उघडी बाजू तेवढी नीट बघा."

"कुठल्या हाताला होती?"

"मला काय विचारता? मी जन्मभर बघून बघूनच काढली. जुना तक्ता काढा."

जुना तक्ता तिच्या घरी दोरीवर वाळत होता. पांढराशुभ्र.

ताईने पेन उचललं. पन्नासदा नजरेखालून गेलेली खूण, आणि आता आठवेना. स्वतःवरच दातओठ खात तिने चौकोन काढला. उघडी बाजू डावीकडे ठेवली. आत टिंब दिलं.

शाई वाळायच्या आत फोन वाजला. सात नंबर पुलावर आली होती.

सगळे धडधाकट होते. त्यांच्या घड्याळांत चारच मिनिटं झाली होती. धाकटा जिना चढून वर आला.

"मी ठीक आहे गं," तो म्हणाला.

तिने अजून विचारलंच नव्हतं.

बाजू चुकली असं वाटून दुसऱ्या दिवशी ती खूण उजवीकडे फिरवायला निघाली, तर म्हाताऱ्याने तिचा हात धरला. "गेलेली गाडी आली, बाई. आता हलवलीत तर येणारी जाईल."

घरात आधी सगळं हसण्यावारी गेलं. आईने हाक मारायच्या आधीच धाकट्याचं "आलो," पाहुण्याने विनोद सांगायच्या आधीच हसू. "अरे, मला बोलू तरी दे!" ताई वैतागायची. पण सेकंदांची मिनिटं झाली, मिनिटांचे तास. सकाळी तो "मीठ जास्त झालंय" म्हणायचा आणि संध्याकाळची भाजी खारट व्हायची. हात आखडून घातलं तरी व्हायचीच.

एका गुरुवारी तो आईच्या खाटेशी बसून ढसाढसा रडला. आई शेंगा सोलत होती.

"कोण मेलं रे?" तिने विचारलं.

आई पुढच्या वर्षी गेली. त्या दिवशी धाकटा शीळ घालत खिडक्या पुसत होता.

म्हातारा आरेखक त्याआधीच गेला होता. साहेब बढती घेऊन दुसऱ्या गावी गेले. निरीक्षकाने त्या रस्त्याने सायकल पुन्हा नेली नाही. अकरा प्रवाशांतल्या एक शिक्षिका मुलांना चूक करायच्या आधीच रागावतात म्हणून शाळेने त्यांना घरी बसवलं. बाकीच्यांचं ताईने कधी विचारलं नाही.

आता ती सत्त्याऐंशीची आहे. बहीणभाऊ त्याच दोन खोल्यांत राहतात. दोघांचं अंतर किती झालं, हे मोजणं तिने कधीच सोडलं. सकाळचा चहा धाकटाच करतो.

गेल्या सोमवारपासून तो एकच कप करतो.

"अरे, मी इथे बसलेय ना!" ती खेकसते.

तो वाकतो, तिच्या नाकावरचा चष्मा अलगद काढतो, सदऱ्याने पुसतो आणि डबीत घालून कपाटाच्या सगळ्यात वरच्या फळीवर ठेवतो.