वाळवायचं पाणी

ही गोष्ट ऐकून पुष्कळांनी नाकं मुरडली आहेत. मुरडोत. राजमतीनं ती मरायच्या आदल्या वर्षी धाकट्या जावेला सांगितली, आणि खोटं सांगून त्या बाईला मिळण्यासारखं काहीच उरलं नव्हतं.

निपाणीजवळचं बोरगाव. सन एकोणीसशे वीस, वैशाख.

नेमगोंडा तंबाखू पिकवायचा. राजमती त्याची बायको. त्यांची तारामती आठ वर्षांची. तिच्या आधीची दोन गेलेली. ही एकच उरली होती, आणि अकरा दिवस तापानं फणफणत होती. वैद्यानं हात टेकले.

शेवटी नेमगोंडानं लोंढ्याच्या रानाकडून म्हाताऱ्या मष्णूला आणलं. बस्तीतल्या, म्हणजे जैन मंदिरातल्या, लोकांना कळू न देता आणलं.

मष्णूकडे पाणओढीची विद्या होती. ती देवळांच्याही आधीची, असं जुनी माणसं दबक्या आवाजात सांगत. दुखणं माणसातून ओढून पाण्यात घ्यायचं. पण ओढलेलं मरत नाही. ते पाणी तापल्या दगडावर ओतून पुरतं वाळवावं लागतं. नाहीतर ते दुसरं घर शोधतं.

मष्णूनं खाटेखाली भरला तांब्या ठेवला आणि पोरीचे तळपाय धरून बसला. सूर्य डोक्यावर आला.

तांब्यातलं पाणी आपोआप हललं...

तारामतीचा ताप उतरला. अकरा दिवसांनी तिनं आईला हाक मारली.

"आक्का, हे आत्ताच्या आत्ता परड्यातल्या दगडावर वता," मष्णू म्हणाला. "यात जीव हाय. सुकंपातूर हलू नगा."

यात जीव आहे... तिथंच घोटाळा झाला.

राजमती जैनाची लेक. रोज पाणी दुहेरी फडक्यातून गाळायची. फडक्यात अडकलेले बारीक जीव, म्हणजे जिवाणी, पुन्हा त्याच विहिरीत अलगद सोडायची. जन्मभर हेच शिकलेल्या बाईला सांगितलं, जीव उन्हात वाळवून मार.

ती घरामागं परड्यात दगडापाशी गेली. तांब्या तिरपा केला.

आतून आवाज आला...

घशाला कोरड पडलेल्या तान्ह्या पोराचा.

पुन्हा एकदा आला...

तिनं गाळायचं फडकं आणलं. तिनं ते पाणी फडक्यातून दगडावर गाळलं. फडक्यात डोळ्यांना काही दिसत नव्हतं. पण फडकं जड झालं होतं, आठवड्याच्या बाळाइतकं जड. तिनं ते बादलीत ठेवून विहिरीत सोडलं. वजन सुटलं आणि आवाज थांबला. आपण पुण्य केलं, असं तिला वाटलं. घरात येऊन मष्णूला म्हणाली, वाळलं.

म्हातारा निघून गेला.

दुसऱ्या सकाळी घरातला रांजण रिकामा होता. फरशीवर एक थेंब सांडलेला नाही...

तिसऱ्या दिवशी विहिरीत दोर दोन हात जास्त सोडावा लागला. पाचव्या दिवशी सहा हात.

राजमतीनं पोरीला विचारलं. "मी न्हाय प्याले गं आई," पोर म्हणाली. पण दिवसा ती सारखं पाणी मागायची हे खरं. अहो, तापातून उठलेलं लेकरू पाणी मागणारच. पण एकदा मनात भीती शिरली की एवढा विचार कोण करतो?

राजमतीनं नवऱ्याजवळ सगळं कबूल केलं. मष्णूला परत बोलावलं. ऐकून तो खालीच बसला.

"ते आता पान्यात न्हाय. मानसात शिरलंय. त्या दिवशी त्यानंतर हिरीचं पानी पैलं कोन प्यालं?"

राजमतीला माहीत नव्हतं. ती लगेच बस्तीत गेली होती.

"तारा," नेमगोंडा म्हणाला. विचारायचा अवकाश, लगेच म्हणाला.

उपाय एकच होता. ज्याच्यात ते असेल त्याला त्या दगडावर बसवायचं, दिवस मावळेपर्यंत पाण्याचा थेंब द्यायचा नाही. ते वाळून मरतं, माणूस उठून चालू लागतो. मष्णूनं चौघांवर हे केलं होतं आणि चौघंही वाचले होते. राजमतीनं काळजावर दगड ठेवला. लेक जगायला हवी होती.

सकाळी तारामतीला दगडावर बसवलं. नेमगोंडानं दगडामागं जमिनीवर बसून तिचे खांदे धरले.

"आई, मीच हाय गं. पानी दे."

मष्णूनं बजावलं, ऐकू नका, ते असंच बोलतं. राजमतीनं कानात बोटं घातली. तरी ऐकू येतच होतं.

दुपारी पोर बोलायची थांबली. ओठ तेवढे हलत होते...

मग तेही थांबले...

दिवस मावळला. तारामती उठली नाही.

मष्णूनं ओलं बोट तिच्या कपाळावर टेकवलं. बराच वेळ तसंच ठेवलं. मग घोंगडं उचललं आणि चालू लागला. राजमती त्याच्यामागं धावली, पदर पसरला. त्यानं मान वर केली नाही.

"आक्का, पोरीत कायबी नव्हतं."

ती परत आली. नेमगोंडा अजून तिथंच बसला होता, पोरीचे खांदे धरून. दिवसभर वैशाखाच्या उन्हात बसलेल्या माणसाच्या अंगावर घामाचा टिपूस नव्हता...

जैनांच्या नेमाप्रमाणे दिवस मावळल्यावर त्या घरात कुणी पाणी पीत नसे. तो तर कधीच नाही.

"राजमती," तो मायेनं म्हणाला, "तांब्या भरून दे गं. लई तहान लागलीया."

तिनं दिला. पुढं सत्तावीस वर्षं देत राहिली.

का, ते तिनं सांगितलं नाही. जावेनंही विचारलं नाही. नेमगोंडा तेव्हा पलीकडच्या खोलीत जागा होता.