सतरा पावलं

कॉलेजात सगळे त्यांना सुईमास्तर म्हणत. पदार्थविज्ञानाच्या प्रयोगशाळेत मास्तर चौतीस वर्षं प्रयोग दाखवायला होते, आणि त्यातला एक प्रयोग असा होता की तो असला की शेजारच्या वर्गातली पोरंही दाराशी येऊन उभी राहायची. पुढच्या खोलीत टेबलावर तारेची जाडजूड कॉइल आणि हातभर लांब चुंबक. कॉइलची दोन टोकं भिंतीतून निघून बोळातून मागच्या खोलीत गेलेली. तिथे लाकडी पेटीत एक नाजूक सुई होती. तारेतून जराशी जरी वीज वाहिली तरी ती हलायची. दोन खोल्यांमधलं अंतर मोजून सतरा पावलं.

"तारेतून वीज वाहिली की जवळची होकायंत्राची सुई हलते, एवढं तेव्हा कळलं होतं," मास्तर सांगायचे. "मग उलटं का होऊ नये? चुंबकापासून वीज का निघू नये? दोनशे वर्षांपूर्वी एक विद्वान ह्याच्या हात धुऊन मागे लागला. गडी इतका काटेकोर, की चुंबकाचा थेट परिणाम नको म्हणून त्यानं सुई दुसऱ्या खोलीत ठेवली. चुंबक कॉइलमध्ये सारायचा आणि चालत जाऊन सुई बघायचा. सुई आपली शून्यावर! कारण चुंबक हलतो तेवढा वेळच वीज वाहते. हा पोचेपर्यंत खेळ खलास. हातातोंडाशी आलेला शोध सहा वर्षांनी दुसऱ्याच्या नावावर लागला. का? तर पलीकडच्या खोलीत माणूस नव्हतं."

मग मास्तर चुंबक कॉइलमध्ये सारायचे आणि मागच्या खोलीतून त्यांच्या बायकोचा खणखणीत आवाज यायचा, "उजवीकडे सात!" मास्तर फळ्यावर आकडा लिहून ओरडायचे, "लिहिलं!" ती तिथेच मदतनीस होती. वर्ग सुटला की बोळात उभी राहून पोरांना म्हणायची, "त्या विद्वानाला बायको असती ना, तर आज ह्यांना बडबडायला गोष्टच उरली नसती." पोरं खिदळायची. मास्तरही हसायचे.

गेल्या वर्षी प्रयोग चालू असतानाच प्राचार्य वर्गात आले. मागून आवाज आला, "उजवीकडे सात!" मास्तरांनी तो ऐकला होता. पण प्राचार्य नव्या पंख्यांविषयी विचारत होते, मास्तर त्यांच्याशी बोलत राहिले. थोड्या वेळानं पुन्हा आवाज आला, जरा हळू. "उजवीकडे सात... अहो?" पाचेक मिनिटांनी मास्तर मागच्या खोलीत गेले तेव्हा ती खुर्चीतच होती, एक हात पेटीवर. सुई शून्यावर. डॉक्टर म्हणाले, तुम्ही लगेच आला असतात तरी उपयोग नव्हता. डॉक्टरांचं काय जातंय म्हणायला! 'लिहिलं' एवढा एकच शब्द तर म्हणायचा होता. तो म्हटला नाही, ह्याचं दुःख मास्तरांना बायको गेल्याच्या दुःखाइतकंच खात होतं.

तेव्हापासून ते वर्ग सुटल्यावर एकटेच प्रयोग करत. चुंबक सारायचा, सतरा पावलं चालायची, शून्य बघायचं. घरी लवकर जाऊन तरी काय करणार? भिंतींशी बोलणार?

निवृत्तीला आठवडा उरला. शनिवारी मधल्या भिंती पाडून दोन्ही खोल्या एक करायच्या होत्या, त्याआधी वायरमन येऊन तार काढणार होता. सोमवारी दुपारी मास्तर मागच्या खोलीत पेटीची काच पुसत होते. सुई उजवीकडे गेली. सातवर थबकली, शून्यावर आली. मग डावीकडे सात.

मास्तर भुताखेतांना भीक घालणारे नव्हते. त्यांनी आधी स्क्रू आवळले. पंखा बंद केला, फोन बंद केला, लिफ्ट वरखाली करून पाहिली. सुई ढिम्म. मंगळवारी त्याच वेळेला पुन्हा, आधी उजवीकडे, मग डावीकडे. चुंबक आत सारला की उजवीकडे, बाहेर ओढला की डावीकडे, हे त्यांना कुणी शिकवायला नको होतं.

ते धावत गेले. पुढची खोली रिकामी, खिडक्या लावलेल्या. चुंबक सकाळी ठेवला होता तसाच स्टँडवर. त्यांनी तो उचलला. पोलाद थंडगार लागलं. फक्त मधोमध, मूठ बसते तेवढ्या जागेत, ते कोमट होतं.

बुधवारी त्यांनी पुढच्या खोलीला कुलूप घालून किल्ली खिशात ठेवली. सुई हलली. धापा टाकत जाऊन त्यांनी कुलूप उघडलं. चुंबक कोमट.

मास्तर तिथेच स्टुलावर बसले आणि त्यांना रडू कोसळलं. ती चुंबक सारत होती आणि पलीकडून कुणी आकडा सांगेल म्हणून वाट बघत होती. आणि मास्तर आकडा सांगायचं सोडून धावत सुटत होते.

गुरुवारी ते जागचे हलले नाहीत. सुई सरकताच ओरडले, "उजवीकडे सात!"

त्यांनी बोळाकडे कान लावला.

"उजवीकडे सात," ते पुन्हा म्हणाले. "अगं?"

बोळातून काहीच आलं नाही. शुक्रवारी सुई हललीच नाही. शनिवारी वायरमननं तार ओढून गुंडाळी केली.

"मास्तर, ही पेटी भंगारात चाललीय. नेता का?"

"नेतो," मास्तर म्हणाले.

ते दुसऱ्या शहरात लेकीकडे राहायला गेले. चौथ्या मजल्यावर, टोकाची खोली त्यांना दिली होती. लेकीनं पेटी बघून कपाळाला हात लावला.

"बाबा, हिची तार कुठाय?"

"नाही."

"मग चालणार कशी?"

"चालत नाहीच ती. असू दे."

लेक-जावई आठला कामावर जायचे. मग घरात फक्त फ्रीजची घरघर. मास्तर पलंगावर बसून पेटीकडे बघत. पेटीचे दोन्ही स्क्रू मोकळे होते, त्यांना काही जोडलेलं नव्हतं.

तिसऱ्या दिवशी, अकराच्या सुमाराला, सुई उजवीकडे गेली.

सात.

मास्तर पेटीवर वाकले.

"उजवीकडे सात."

"लिहिलं," लगेच उत्तर आलं. तिनं त्यांना क्षणभरही ताटकळत ठेवलं नाही.

आवाज पलंगाजवळच्या भिंतीपलीकडून आला होता. तोच, खणखणीत. मास्तर उठले आणि लहान मुलासारखे हसत भिंतीला हात लावायला गेले. मग हात उचललेलाच राहिला. त्या बाजूला खोली नव्हती. ती इमारतीची शेवटची भिंत होती. पलीकडे चार मजले खोल नुसती हवा.

त्यांनी तळहात टेकवला. उत्तरेची भिंत, तिच्यावर कधी ऊन येत नसे. ती थंड होती. फक्त त्यांच्या हाताखाली, हाताएवढ्याच जागेत, कोमट होती.