एकतीस भांड्यांवरचा हक्क

पहिला हंडा फिरवून पाहताना विद्यालक्ष्मीचा हात थांबला. काठाखाली वीतभर पट्टा खरवडून गुळगुळीत केलेला होता. दुसऱ्या हंड्याला तसाच पट्टा. पसरट उरुळीलाही तसाच.

ही एकतीस भांडी कोर्टानं मैलापुरातल्या दत्ताजींच्या भटारखान्यातून जप्त केली होती. दत्ताजी लग्नाच्या जेवणांची कंत्राटं घेत. भागीदार विद्याधर वारला, तेव्हा त्याचा वाटा त्यांनी त्याच्या बायकोला, सुंदरीला, दिला नाही. ती सात वर्षं कोर्टात लढली. पैसे वसूल करण्याची डिक्री हाती आली आणि ऐन मुहूर्तांच्या तोंडावर तिनं भांड्यांवर जप्ती आणली.

आठ दिवसांत भलताच अर्ज आला. दत्ताजींची थोरली बहीण राजसबाई अड्यारला एकटीच राहत असे. तिचं म्हणणं, भांडी भावाची नव्हेत, माझी. माझ्या लग्नात तंजावरहून आलेली. दत्ताजींनी शपथपत्रावर तेच लिहून दिलं होतं.

भावाला वाचवायला बहीण खोटं बोलते आहे, असं सुंदरीच्या वकिलांनी सांगितलं. न्यायाधीशांनी पाहणीसाठी वकील विद्यालक्ष्मीला कमिशनर नेमलं.

"हे पट्टे कसले?" तिनं दत्ताजींना विचारलं.

"अक्काचं नाव होतं तिथं. घासून घासून गेलं."

"बाकीचं भांडं नाही घासलं कधी?"

दत्ताजींनी घाईघाईनं हंड्याचा तो पट्टा भिंतीकडे फिरवला.

विद्यालक्ष्मीनं पट्ट्यांवरून बोट फिरवलं. दाव्यासाठी नुकतेच खरवडले असते, तर पितळ पिवळंधमक दिसलं असतं. इथं वर्षानुवर्षांची काजळी बसली होती. एका लहान हंड्याच्या जोडलेल्या कानाआड कानस पोचली नव्हती. तिथं ठोकून काढलेली अक्षरं शाबूत होती: 'राजस'.

म्हणजे दावा खरा होता. मग दत्ताजी घाबरले कशाला?

तिनं जप्तीच्या अर्जातली यादी काढली. हा लहान हंडा माळ्यावर, तांदळाच्या पोत्यांमागे आहे, असं तीत लिहिलं होतं. प्रत्येक भांड्याचं वजनही होतं, तेही शेरांत.

"तुम्ही त्या माळ्यावर गेला होतात?" तिनं सुंदरीला विचारलं.

"उंबऱ्याच्या आत घेतलं नाही त्यांनी मज कधी. यादी टपालानं आली. सही नव्हती."

मग विद्यालक्ष्मी अड्यारला गेली. पुरावा मागताच राजसबाईंनी लग्नात मिळालेल्या भांड्यांची जुनी यादी पुढे ठेवली. आईची भांडी म्हणून आईच्या वेळचीच वजनं लिहिलेली होती. सगळी शेरांत. विद्यालक्ष्मीनं आकडे ताडून पाहिले. एकही चुकला नव्हता.

सुनावणीला भांडी राजसबाईंची ठरली. दत्ताजींनी आवाराबाहेर लॉरी उभीच ठेवली होती. ड्रायव्हरला त्यांनी मैलापूर सांगितलं. राजसबाई शांतपणे म्हणाल्या, "अड्यारला चल."

दत्ताजी तसेच कोर्टात परत धावले. शपथपत्र खोटं होतं, भांडी माझीच आहेत, असं सांगू लागले.

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "म्हणजे शपथेवर तुम्ही मला फसवलंत?"

दत्ताजी मागे फिरले. ते बाहेर आले तेव्हा व्हरांड्यात तिघी उभ्या होत्या.

"शपथपत्र तुम्ही नुसती सोय म्हणून दिलंत," विद्यालक्ष्मी त्यांना म्हणाली. "ते खरंच होतं, एवढंच. नवरा गेल्यावर अक्का भांड्यांसकट तुमच्याकडे आल्या. तुम्ही नाव खरवडलंत आणि 'पुरावा काय?' म्हणून त्यांना बाहेर काढलंत. त्यांनी दावा लावला असता, तर तुम्ही नाही म्हणाला असतात. तुमच्याच तोंडून होय वदवायचं, तर भांड्यांवर जप्ती यायला हवी होती. सुंदरीला यादी अक्कांनी पाठवली. ती वजनं त्यांच्या लग्नाच्या यादीतली आहेत, आणि माळ्यावरची जागा तिथं राहिलेल्यालाच ठाऊक. जप्ती आली आणि तुम्ही धावत त्यांच्याचकडे गेलात."

"पाया पडला," राजसबाई म्हणाल्या. "सव्वीस वर्षं वाट पाहिली त्या दिवसाची. म्हणाला, अक्का, भांडी तुझी म्हणून सांग. मी सांगितलं."

दत्ताजी भिंतीला टेकले. "सख्खा भाऊ ना मी?"

"नाव खरवडताना कोण होतास?"

सुंदरी पुढे झाली. "तुमचा सूड झाला, अक्का. मज हत्यार केलंत. माझ्या हाती काय आलं?"

राजसबाई तिच्याकडे वळल्या. येत्या मुहूर्तांना सगळी भांडी तू वापर, भाडं नको, असं त्यांनी तिला सांगितलं. दत्ताजींची गिऱ्हाईकं आता जेवण करवून घ्यायला दुसरीकडे जाणारच होती.

"आणि डिक्री तुझी आहेच," त्या पुढे म्हणाल्या. भावाकडे बघत, एकेक शब्द सावकाश उच्चारत. "आता याच्या घरावर जप्ती आण. घर खरंच याचं आहे. तिथं मी हक्क सांगायला येणार नाही."