ठोक्याची टाच

ते कानातलं काढ आधी. हो, तुलाच सांगतोय. आणि तो मोबाइल उलटा ठेव. त्या उजेडात तुझंच तोंड भुतासारखं दिसतंय, मग माझ्या भुताला कोण विचारणार?

मगाशी जे गाणं लावलं होतंस ना, ज्याच्या सुरुवातीला नुसती गिटार आहे... काय म्हणालास तू? "आजोबा, काय दर्द आहे!" म्हणून मी उठून आत गेलो. दर्द म्हणे. डोंबलाचा दर्द! संताप आहे तो. बसा, सांगतो. हे माझ्या साडूच्या बाबतीत घडलेलं आहे. तुमच्या मावशीआजीचा नवरा, स्टुडिओतला रेकॉर्डिस्ट. माणूस जिवंत आहे, खोटं वाटलं तर उद्या जाऊन विचारा.

मागच्या वर्षीची गोष्ट. नोव्हेंबरातला तिसरा मंगळवार. जेवण झालं, साडूने चपला घातल्या आणि बायकोला म्हणाला, "एवढंसं काम आहे, तासाभरात आलो." काम खरंच एवढंसं होतं. एका जुन्या फितीवरची दोन-चार वाक्यं पुसायची होती.

ती वाक्यं होती ठोक्याची. ठोक्या म्हणजे गिटारवाला. त्याचं खरं नाव सांगून उपयोग नाही, कुठल्याच रेकॉर्डवर तुम्हाला ते सापडायचं नाही. सकाळी साबणाच्या जाहिरातीत वाजवायचा, दुपारी कुणाच्या तरी सोल म्युझिकच्या रेकॉर्डवर, रात्री हॉटेलात जॅझ. गाणारा बेसूर झाला तर हा गिटारीने असा सांभाळून घ्यायचा, की गाणाऱ्यालाच वाटायचं आपण काय गातो! जन्मभर हेच. मी ॲम्प्लिफायर दुरुस्त करायचो, त्यामुळे सगळं डोळ्यांनी बघितलंय. राबायचं याने आणि कव्हरवर फोटो दुसऱ्याचा.

ठोक्या हे नाव पडलं ते टाचेमुळे. वाजवताना डाव्या पायाची टाच जमिनीवर पडायचीच. ती थांबली की हात थांबायचा. घरी वाजवायला बसला की खालच्या मजल्यावरचा म्हातारा काठीने छत ठोकायचा, मग हा आणखी जोरात टाच आपटायचा. स्टुडिओत मात्र माइकमध्ये आवाज जातो, म्हणून डावा बूट काढून तो पायाखाली चादरीची घडी घ्यायचा. बिचाऱ्याने कधी कुरकुर केली नाही.

तर हे तुमचं लाडकं गाणं. त्याच्या रेकॉर्डिंगच्या दिवशी गायकसाहेबांना चादरीवरूनसुद्धा टाच ऐकू येत होती. "माझा मूड जातो," म्हणाले. स्टुडिओचा मालक चिडला. म्हणाला, "पाय बांधा याचा."

सगळे हसले. मालक हसला नाही. माझा साडू तेव्हा नवा होता, नोकरीला घाबरणारा. माइकची वायर घेऊन काचेपलीकडे गेला आणि ठोक्याचा पाय खुर्चीच्या पायाला बांधला. जनावराचा बांधतात तसा! अरे, माणूस होता तो. मुंगीएवढी लाज वाटायला हवी होती एकाला तरी.

त्या बांधलेल्या पायाने त्याने ती सुरुवात वाजवली. एका दमात. जी ऐकून तू डोळे मिटतोस, ती.

आणि पुढची तीस वर्षं तो गायक गळ्यात गिटार अडकवून सांगत फिरला, की ती मीच वाजवली. आयत्या बिळावर नागोबा! त्याला साधी तार लावता येत नव्हती.

मागच्या वर्षी ठोक्या गेला. महिन्याभराने मालकाने त्याच गाण्याची नवी रेकॉर्ड काढायचं ठरवलं. मूळ फीत बाहेर निघाली. त्याच आठवड्यात ठोक्याची लेक स्टुडिओत आली. दवाखान्यात नर्स आहे ती, रात्रपाळी करून तशीच आलेली. साडूला म्हणाली, "काका, बाबा सांगायचे, फितीवर त्यांचा आवाज आहे. तेवढा सापडला तर कुणी वाजवलं ते सिद्ध होईल. निदान मला एकदा ऐकू द्या."

साडू म्हणाला, "ती फीत कधीच फेकली, बाळा."

फीत त्याच्या मागच्या कपाटात होती. मालकाने बजावलं होतं, "नवी रेकॉर्ड निघायच्या आधी ते बोलणं पूस." तर अशा कामाला आमचे साडू त्या मंगळवारी जेवूनखाऊन निघाले होते.

स्टुडिओत कुणी नव्हतं. वॉचमन फाटकावर. साडूने दिवा लावला, फीत चढवली, एकदा ऐकली. मालकाचा आवाज. हसणं. मग ठोक्या, अगदी शांत, "वायर सैल करा हो, पाय सुन्न झालाय. सुरुवातीला मी एकटाच वाजवणार आहे, पळून कुठे जातो?" मालक म्हणाला, "वाजव आधी." मग गिटार.

साडूने रीळ मागे घेतलं. पुसलं.

खात्रीसाठी पुन्हा लावलं. शांतता. मग...

ठक.

साडूला वाटलं, यंत्र बिघडलं. स्पीकर बंद केला.

ठक.

काचेपलीकडून. जिथे वाजवायला बसतात त्या खोलीतून. तिथे अंधार होता.

ठक... ठक...

साडूने तिथला दिवा लावला. खुर्च्या रोज संध्याकाळी भिंतीशी रचून ठेवतात. त्या होत्या भिंतीशी. एक नव्हती. ती मधोमध होती. आणि तिचा पुढचा डावा पाय जमिनीवरून बोटभर उचलला जात होता... आणि आपटत होता.

ठक.

पळाला का नाही म्हणतोस? मी पण हेच विचारलं. म्हणाला, "पाय हलेनात." हलतील कसे!

मग त्याला वायर दिसली. खुर्चीच्या पायाला बांधलेली. दुहेरी गाठ, वर एक वेढा. स्वतःची गाठ माणूस ओळखतो रे.

तो जवळ गेला. खाली बसला.

वायर खुर्चीच्या पायाला घट्ट होती. तिचा दुसरा वेढा मात्र... मोकळा. म्हणजे आत काहीच नव्हतं. तरी तो गोल उभा होता. घोट्याएवढा. ताणलेला.

ठक. ठक. ठक.

"सोडतो," साडू म्हणाला. "सोडतो, दादा."

गाठ सुटेना. वायर गरम होती... अंगासारखी. त्याने दात लावले. ओढली.

सुटली.

खुर्ची थांबली.

काही नाही.

काही नाही...

मग त्याच्या शेजारी. लाकडी जमिनीवर.

धप.

हा आवाज खुर्चीचा नव्हता. अनवाणी टाचेचा होता.

धप. धप. त्याच्या कानाजवळून. दाराकडे. काचेच्या या बाजूला. यंत्रापाशी येऊन थांबला.

रिळं आपोआप फिरायला लागली. रेकॉर्डिंगचा लाल दिवा लागला.

साडू तिथेच बसून राहिला. पहाटे वॉचमनने उठवलं तेव्हा दातांत वायर होती.

सकाळी तो फीत पिशवीत घालून थेट माझ्याकडे आला. असली फीत वाजवणारं जुनं यंत्र माझ्याकडेच होतं. त्याची सगळी हकीकत ऐकली आणि माझं डोकं फिरलं. म्हटलं, "भुताला घाबरून फीत घेऊन आलास, जिवंत पोरीसमोर खोटं बोलताना का नाही घाबरलास?" यंत्र रिक्षात घातलं आणि दोघे ठोक्याच्या घरी गेलो. लेकीने दार उघडलं.

"तुझ्या बाबांचा आवाज होता," साडू म्हणाला. "काल रात्री मी पुसला."

ती रडली नाही. म्हणाली, "म्हणजे तुम्ही दोनदा बांधलंत त्यांना."

साडूने मान खाली घातली. मी त्याची बाजू घेतली नाही. का घ्यावी?

मी यंत्र जमिनीवर ठेवलं, फीत लावली. पुसलेल्या जागी बोलणं नव्हतं. पण जागा रिकामीही नव्हती. तिथे टाच होती. धप, धप, धप. लाकडावर, अनवाणी, स्वच्छ. मग गिटार आली, आणि टाच तिच्याखाली चालत राहिली. तीस वर्षं त्या गाण्यात जी कधी नव्हती, ती. पाय तर बांधलेला होता ना!

लेक खाली बसली. फरशीवर हात ठेवला. "हे बाबा," म्हणाली. "या तालावर मी झोपायचे लहानपणी."

मालकाचा फोन आला साडूला तिथेच. मघाचे मऊ साडू एकदम उभे राहिले. म्हणाले, "फीत ठोक्याच्या लेकीकडे आहे. रेकॉर्डवर त्याचं नाव छापा, मग मागा." मालकाने आईबहिणीवरून शिव्या दिल्या. पुढे त्याने जुन्या रेकॉर्डवरून गाणं उतरवून घेतलं, तर त्यातही टाच; ती पुसायला कॉम्प्युटरवर माणसं बसवली. संध्याकाळी साफ केलेल्या गाण्यात सकाळी टाच असते. नवी रेकॉर्ड अजून निघालेली नाही. आणि नावही अजून छापलेलं नाही, त्या मेल्यांना अजून अक्कल आलेली नाही!

पण मी सांगत होतो त्या सकाळचं. गाणं संपलं. फितीचं टोक फटफटलं. मी यंत्र बंद केलं, त्याची विजेची वायरसुद्धा काढून हातात घेतली.

खोलीत आम्ही तिघं. कुणी हललं नाही.

आणि खालून... खालच्या म्हाताऱ्याने काठीने छत ठोकलं. एकदा. दोनदा. मग चिडून, जोरजोरात.

लेकीने माझ्याकडे पाहिलं. मग जमिनीकडे.

"ठोका म्हणावं," ती म्हणाली. "आता बाबा थांबायचे नाहीत."