मिटलेले ओठ

विश्वास ठेवा अगर ठेवू नका. सासूबाईंनी हे मला बायबलवर हात ठेवून सांगितलंय.

साल १९४८. लॉस एंजेलिसमधला एक छोटा स्टुडिओ. रात्र नाही, भर दुपार. सासूबाई तेव्हा वीस वर्षांच्या, म्हणून नुसतं व्हर्ना म्हणते.

मुख्य सिनेमाआधी दाखवायचे तसला दहा मिनिटांचा, हसऱ्या गाण्यांचा सिनेमा तिथे बनत होता. गाणं आधी तबकडीवर भरायचं, मग त्यावर ओठ हलवायचे. गाणं भरलं होतं तिच्या थोरल्या बहिणीने, ओपलने. त्याच आठवड्यात ओपल न्यूमोनियाने गेली. शेवटपर्यंत खोकत होती.

चेहरा सारखा, म्हणून व्हर्नाला उभं केलं. आज जमलं नाही तर दुसरी गायिका येणार होती आणि ही तबकडी कचऱ्यात जाणार होती. ओपलचं एवढंच तर उरलं होतं.

"हास की गं!" दिग्दर्शक बर्ट खेकसला. "सहलीला निघालीयस, मयताला नाही!"

तबकडी फिरली. व्हर्ना कशीबशी हसली. ओठ हलवले... आणि चुकली. 'रविवारी'च्या जागी 'सोमवारी'.

कर्ण्यातून आवाज आला...

'सोमवारी.'

बर्ट गर्रकन वळला.

"तबकडीवर रविवारच आहे, बर्ट," आवाज सांभाळणारा वॉल्ट म्हणाला. "मी स्वतः भरलंय."

"पुन्हा लाव!"

या वेळी व्हर्नाने गाणं सोडूनच दिलं. आवाज न काढता नुसते ओठ हलवले. ओपल, आहेस का?

कर्णा ओपलच्या आवाजात म्हणाला... "ओपल, आहेस का?"

व्हर्नाने पुन्हा नुसते ओठ हलवले. बोल ना गं!

"बोल ना गं!"

तिचेच शब्द परत येत होते. ती खचली. ओठ मिटून उभी राहिली.

नुसती खरखर...

मग तोच आवाज. "खोकला थांबला गं, व्हर्ना."

वॉल्टने घाबरून तबकडी उचलली आणि जमिनीवर आपटली. व्हर्ना "नको!" म्हणून धावली, पण चुरा झाला होता.

आता सासूबाई थकल्यात. रेडिओवर कुणाचंही गाणं लागलं की ओठ घट्ट मिटून बसतात. मी बोलायला गेले तर हात वर करतात. "तिला बोलू दे."

परवा गाणं मध्येच थांबलं. खरखर झाली...

आणि रेडिओत कुणीतरी खोकलं.

तेव्हापासून सासूबाई जेवलेल्या नाहीत. भास झाला म्हणून समजूत काढली असती. पण तो खोकला मीही ऐकलाय.