विजेत्यांचं पाणी

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. यातलं अक्षरही मनाचं नाही. मी स्वतः तिथे टॉवेल धरून उभा होतो.

माझा चुलतभाऊ, म्हणजे दादा, फुटबॉलवर पोट भरतो. त्याचा क्लब फार जुना. लीग मात्र एकदाच जिंकलाय, आजोबांच्या तरुणपणी. त्या दिवशी अख्खी टीम एका हौदात उतरली. एकामागे एक बसून सगळ्यांनी एकमेकांच्या पाठी चोळल्या.

ते पाणी क्लबने अजून ओतून टाकलेलं नाही.

हो. तेच पाणी. इतर क्लब ट्रॉफी जपतात.

दादाचा गुडघा कामातून गेला होता. शनिवारची मॅच ही शेवटची संधी. नाहीतर करार रद्द, आणि आयुष्यभर काकांच्या रंगाच्या दुकानात डबे हलवायचे.

शुक्रवारी दुपारी कोच म्हणाले, "हौदात उतर एकदा. गुण येतो."

"सर, गुण येईल की पुरळ?" मी विचारलं.

"तू टॉवेल धर."

हौदावरच्या फळ्या काढल्या.

दुधावर धरते तशी साय... करडी. जाड. तिच्यात केस. वास असा, की कुणीतरी मोजे शिजत घातलेत.

दादा नाक दाबून उतरला. साय फाटली... आणि त्याच्या गळ्याभोवती पुन्हा जुळली.

"कोमट आहे रे," तो म्हणाला.

तिथे हीटर नव्हता. काहीच नव्हतं.

मग आवाज आला. खस्... खस्... खस्...

"अरे, हळू चोळ की!" दादा माझ्यावर खेकसला.

मी दारात होतो. टॉवेल धरून.

त्याच्या पाठीवर फेस चढत होता. साबण कुणीच आणला नव्हता...

मग दादाचे हात पुढे गेले. हवेत. आणि चोळायला लागले.

तिथेही फेस आला.

त्या फेसाला खांदे होते.

मी ओकलो. टॉवेलमध्ये.

कोचनी सुटकेचा निःश्वास सोडला. "घेतला बाबा त्यांनी रांगेत."

शनिवारी दादाने दोन गोल मारले. करार पक्का झाला. घरात आनंदीआनंद. फक्त जेवताना मध्येच त्याचे हात पुढे जातात... खस्... खस्... मग त्याच हातांनी तो घास घेतो. नखांत करडं काहीतरी असतं. काकू आपलं ताट उचलून आत जाते.

परवा मी म्हटलं, "दादा, सोड ना तो क्लब. दुकान काय वाईट आहे?"

"सोडेन रे." हात चालूच होते. "पण याची पाठ व्हायचीय अजून. मळ निघता निघत नाही."

मी हल्ली भिंतीला पाठ लावून आंघोळ करतो.

पुढचं माझं मी बघतो.