खुर्ची आणि रुपा

सेनगावजवळच्या गोरेगावच्या वाटेवरील एका बंजारा तांड्यात बोअरची गाडी आली, आणि तिच्यासमवेत आखाडा बाळापूरचा योगेश राठोड आला. पूजा मांडलेली होती, पण खोळंबली होती. सरपंच रुपा आडे हिने नारळ हाती घेताच वृद्धांनी मान हलवली. नारळ पुरुषानेच फोडावा. तिला पिता नव्हता, बंधू नव्हता, पतीही नव्हता. तेव्हा योगेश यंत्रावरून खाली उतरला.

"आणा इकडं, सरपंचबाई. मी गडीमाणूसच हाय... धुळीनं वळखू येईना, इतकंच."

तिने ओठांवरचे हसू आवरले. डोळ्यांतले मात्र आवरेना.

पाणी लागले. तरीही हापसा पाहण्याच्या निमित्ताने तो येत राहिला. सेनगावी तालुक्याची बैठक आटोपली की कडुनिंबाच्या सावलीत दोघे अंतर राखून चहा घेत.

"सरपंचबाई म्हणू, का रुपा?"

"चार लोकांत सरपंचबाई."

"आन् आता?"

"आता... चहा निवून राहिला तुमचा."

हे अंतरही लोकांना कमीच वाटले. मुळात ती हळू बोलली तर सरपंच दुबळी ठरे, मोठ्याने बोलली तर उद्धट. डोईवर पदर घेतला तर ढोंग, न घेतला तर निर्लज्जपणा. त्यात आता हा परपुरुष. ग्रामपंचायतीचे सदस्य उत्तमराव यांनी तिच्यावर अविश्वासाचा ठराव आणला. लग्न झालेली असतीस तर विश्वास ठेवला असता, असे ते म्हणाले. आणि लग्न करून सासरी गेली, तर पद आपोआपच सुटणार होते.

योगेशने मार्ग काढला. तो स्वतः घरजावई होऊन तांड्यात राहणार होता. त्या शब्दासोबत येणारे टोमणे तो तिच्यासाठी आनंदाने सोसायला निघाला, हे पाहून रुपाचे मन भरून आले.

ठरावाच्या बैठकीच्या सकाळी तो उत्तमरावांकडून हर्षाने आला. सारे ठरले होते. ठराव मागे घेतला जाईल; फक्त यापुढे सभेत सरपंचाच्या खुर्चीवर त्याने बसायचे.

"सही तुझीच. मी नुसता बसून राहीन."

"तुमी व्हय म्हणलं?"

"तुला तकलीफ नको, म्हणून..."

दुसरा कोणी असता तर ती भांडली असती.

"मला काहून न्हाई इचारलं?"

त्याच्या निर्मळ चेहऱ्यावर कपटाचा लेशही नव्हता; तेच तिला सर्वांत असह्य झाले.

"तुमच्याशी लगीन केलं असतं मी," ती हळूच म्हणाली. "पर तुमचं लगीन त्या खुर्चीशी लावून देणं... ते न्हाई व्हायचं माझ्याच्यानं. जा तुमी."

तो गेला. काय चुकले, हे त्याला अखेरपर्यंत उमगले नाही.

दुपारी तहसीलदारांसमोर ठरावाच्या बाजूने हात वर झाले. पंचफुला आणि जिवनबाई, दोघी सदस्या, दाराशी उभ्या असलेल्या आपापल्या नवऱ्यांकडे पाहत होत्या. तिकडून खूण झाली, तसे त्यांचेही हात उचलले गेले.

रुपाचीही दृष्टी नकळत दाराकडे वळली. तिथे तिचे कोणी नव्हते.